पांगानीची सहा लग्नं

चौदा सेकंद. ते मी नंतर मोजले. तेव्हा मला मोजायचं सुचलंच नाही, तेव्हा मी बाकावरून उठून ओरडले, ‘अगं, ही तर आमची बीबी!’ आणि तेही मराठीत. मंगळवार, इतिहासाचा तास, जेवणाच्या सुट्टीच्या आधीचा, म्हणजे अर्धा वर्ग डोळे उघडे ठेवून झोपलेला असतो तो. पडदे ओढलेले, एसी घरघरतोय, भिंतीवर टांगानिकाच्या, म्हणजे आताच्या टांझानियाच्या, स्वातंत्र्यलढ्याबद्दलचा एक जुना माहितीपट चाललाय, आणि निवेदकाचा इंग्लिश आवाज असा, की वाटावं हा माणूस गरम दूध पीत पीत बोलतोय. बंदर, गर्दी, वर गेलेले हात, पुन्हा गर्दी, आणि मग एकदम एक बाई. खुर्चीत बसलेली, मागे पांढरी भिंत, डोक्यावरून मोठ्या फुलांचं कापड. ती बोलत होती. म्हणजे ओठ तिचे हलत होते, आवाज मात्र त्या दूधवाल्याचा. किनाऱ्यावरच्या स्त्रियांनीही चळवळीला आपापल्या परीनं साथ दिली, असं काहीतरी तो सांगत होता. खाली बाईचं नाव नव्हतं. नावाच्या जागी लिहिलं होतं, ‘किनाऱ्यावरची एक स्त्री’. बोलता बोलता तिनं हनुवटी वर उचलली, दुकानदाराला ‘बरं, पुढे?’ असं न बोलता विचारावं तशी, आणि मी ताडकन उठले. कारण ती हनुवटी मी रोज बघते. त्या हनुवटीच्या घराच्या वरच्या मजल्यावर आम्ही भाड्यानं राहतो, इथे मस्कतमध्ये. वर्गात माझ्याखेरीज मराठी कळणारी एकटी अश्लेषा; तिनं माझी ओढणी खेचली, ‘ए फ्लावी, बस ना, काय चाललंय तुझं!’ आणि मॅडम शांतपणे म्हणाल्या, ‘फ्लाविया, ओरडायचंच आहे तर निदान सगळ्यांना कळेल असं ओरड.’ वर्ग हसला. मीपण हसले. तोवर पडद्यावर पुन्हा बंदर आलं होतं, आणि बीबी गेली होती.

या वर्षी माझा आवाज आला. मुलांचा फुटतो तसा नाही. माझा आलाच. दहावीपर्यंत हजेरीला ‘प्रेझेंट’ म्हणतानासुद्धा माझ्या तळहातांना घाम यायचा. पप्पा रुसैलच्या फॅक्टरीतून कंपनीच्या बसनं घरी आले की मम्मीला विचारायचे, ‘आज किती शब्द?’ आणि मम्मी बोटांवर मोजून दाखवायची. मग अकरावीच्या पहिल्या आठवड्यात असेंब्लीत बोलणारी मुलगी आजारी पडली, कागद माझ्या हातात आला, आणि माईकमधून जो आवाज बाहेर पडला तो ऐकून मीच मागे वळून बघितलं, कोण बोलतंय म्हणून. तेव्हापासून थांबलेच नाही. वादविवादात बोलते, बसमध्ये बोलते, कुरुमच्या हॉटेलातली ड्यूटी करून पाय सुजवून आलेल्या मम्मीच्या मागे मागे स्वयंपाकघरात बोलते. मम्मी म्हणते, ‘तू बोलावीस म्हणून नऊ दिवस नोव्हेना केला होता मी. आता थांबावीस म्हणून कुठल्या संताच्या पाया पडू?’ पण मला खरंच वाटायचं, बोलता येणं म्हणजेच सगळं. ज्याला बोलता येतं तो सुटला, आणि ज्याला येत नाही तो कशाच्या तरी खाली दबलेला. हे मी एका निबंधातही लिहिलं होतं. दहापैकी नऊ मिळाले होते.

शाळेची बस अमेरातच्या घाटाला लागली की एरवी मी सर्वांत जास्त बोलते, कारण त्या चढावर कान बंद होतात आणि स्वतःचा आवाज आतून ऐकायला मजा येते. त्या दिवशी गप्प होते. दोन्ही बाजूंना ते करपलेले, चुरगळून टाकल्यासारखे डोंगर, एक झाड नाही, आणि दुपारचं ऊन इतकं पांढरं की डोंगरांना रंग असतो हेच विसरायला व्हावं. मी डोळे मिटले की ओठ दिसत होते. बीबीचे ओठ, हलणारे, आणि त्यांच्यावर कोणीतरी दुसऱ्याच आवाजाची जाड गोधडी टाकलेली. मला लहानपणचं आठवलं. वसईला मावशीच्या लग्नाच्या आदल्या संध्याकाळी बँड लावून सगळे विहिरीवर पाणी आणायला गेले होते. गर्दीत मम्मीचा हात सुटला, मी तोंड उघडून ओरडत होते, आणि ट्रम्पेटवाला माझ्या अगदी कानाशी वाजवत होता. माझी हाक मला स्वतःलाच ऐकू येत नव्हती. कितीतरी वेळ मला वाटत राहिलं होतं, आपण ओरडतच नाही आहोत, आपलं तोंड नुसतं उघडं आहे. बस घाट उतरायला लागली, कान फट्कन मोकळे झाले, आणि मला फार राग आला. त्या दूधवाल्याचा. चौदा सेकंद मिळाले बाईला आयुष्यात, तेही यानं खाल्ले!

घरी पोचले, दप्तर फेकलं, फोन घेतला (शाळेत न्यायला बंदी आहे), माहितीपट शोधून काढला. एकोणीसशे अठ्ठ्याण्णवचा होता. हात न धुता जमाल अंकलना पाठवला. ‘अंकल, एकेचाळिसाव्या मिनिटाला बघा, तुमची आई आहे!’ जमाल अंकल म्हणजे बीबीचा मुलगा, आमचे घरमालक, सरकारी ऑफिसात असतात, भाडं घ्यायला येतात तेव्हा पप्पांशी क्रिकेटवर तासभर बोलतात आणि भाडं न्यायचंच विसरतात. तीन मिनिटांत त्यांचा व्हॉइस मेसेज आला, गाडीत असणार, हॉर्न ऐकू येत होते : ‘माशाल्ला, माशाल्ला! अभी काम में हूँ, अभी नहीं देखूँगा. जुम्मे को चर्च के बाद सब नीचे आओ, खाना हमारे यहाँ, बड़े टीवी पर देखेंगे. फ्रेडरिक भाई को बोलो!’ फ्रेडरिक भाई म्हणजे पप्पा, आणि इथे सुट्टी शुक्रवारी म्हणून आमचं चर्चही शुक्रवारी. मी उड्या मारत जिना उतरले.

बीबी, म्हणजे वजीराबीबी, मागच्या अंगणात नारळ खवत होती. त्यांची खवणी म्हणजे आमच्या वसईच्या खवणीची सख्खी बहीण, बसायचा पाट आणि पुढे आलेलं दातेरी पातं. फक्त बीबी तिला बकरी म्हणते. एक्क्याऐंशी वर्षांची आहे, पण बकरीवर बसली की चौदाची दिसते, पाठ ताठ आणि गुडघे बाजूला. पन्नासहून जास्त वर्षं मस्कतमध्ये काढली तरी तिची बोली पांगानीची, टांगानिकाच्या किनाऱ्यावरच्या एका गावाची, आणि हिंदी अर्धी तिथल्या कच्छी शेजाऱ्यांची, अर्धी सिनेमातली.

‘बीबी! तुम फिल्म में हो! आज स्कूल में देखा! चौदह सेकंड!’

तिचा हात पात्यावर थांबला. मला वाटलं आता हसेल. तिनं विचारलं, ‘मेरा आवाज़ आता है उसमें?’

‘नहीं ना, वही तो! ऊपर से दूसरे आदमी का आवाज़ डाल दिया. तुम्हारा नाम भी नहीं लिखा. कितना गलत है ना?’

‘बिलकुल नहीं आता?’

‘बिलकुल नहीं.’

‘अल्हमदुलिल्ला,’ असं म्हणून तिनं इतका लांब श्वास सोडला की खवलेल्या नारळाचे दोनचार कण उडाले. माझा रागच बिचारा उभ्याउभ्या पोरका झाला. मग तिनं विचारलं, ‘और किसको बताया?’ मी सांगितलं. जुम्मा, मोठा टीव्ही, सगळे. तिनं अर्धी करवंटी खाली ठेवली आणि माझ्याकडे बघत राहिली. ‘बेटी, तेरे पेट में कोई चीज़ टिकती है कि नहीं?’

मग तिनं मला सांगितलं. का सांगितलं कोण जाणे. कदाचित मी त्यांची कोणी नाही म्हणून, कदाचित नुसतीच दुपार होती म्हणून. अंगणात बदामाच्या झाडाची सावली होती, ती सांगत असताना सावली हळूहळू तिच्या पायांवरून सरकली, परातीवर गेली, भिंतीवर चढली, आणि मला असं वाटत होतं की गोष्ट बीबी सांगत नाहीये, ही सावलीच कुठूनतरी लांबून घेऊन येते आहे. पांगानीत तेव्हा गोऱ्यांचं राज्य. सभा घ्यायची तर पोलिसांचा परवाना लागे, आणि स्वातंत्र्य मागणाऱ्या पार्टीला परवाना मिळत नसे. पण लग्नाला परवाना कशाला? लग्नात बायका जमतात, ढोल वाजतात, रात्रभर गातात, यात सरकारचं काय जातं? म्हणून बायकांनी लग्नं लावायला सुरुवात केली. खोटी. नवरा नाही, मौलवी नाही, मांडव मात्र खरा, जेवण खरं, ढोल खरे. आणि लग्न म्हटलं की नवरी तर हवी. नवरी झाली चौदा वर्षांची वजीरा, कारण ती पाठ न हलवता तासन्‌तास बसू शकत होती. हातांवर मेंदी, अंगावरून डोक्यापासून लाल कापड, मान खाली. बाहेर ढोल बडवले जायचे आणि आत, ढोलाच्या आवाजाखाली, बायका बोलायच्या : कुठल्या गावाला कोण जाणार, तुरुंगातल्यांना निरोप कसा पोचणार, कोणाला भ्यायचं आणि कोणाला नाही. एक लग्न, दोन लग्नं, पाच लग्नं. वजीराच्या हातांची मेंदी उतरायलाच तयार नव्हती. गावात म्हणायला लागले, या मुलीला कोणी नवरा ठेवून का घेत नाही?

‘तुम क्या बोलती थी सभा में?’ मी विचारलं.

‘मैं? मैं दुल्हन थी. दुल्हन बोलती है क्या?’

‘कुछ भी नहीं?’

‘मेरा काम बैठना था, बेटी. मैं हिलती तो सब पकड़े जाते.’

 लाल कापडाखालून काय दिसत असेल, ते मी बघायचा प्रयत्न करत होते. ऊन लाल. श्वास लाल. बीबी म्हणाली, तिला फक्त पाय दिसायचे. सगळा लढा तिनं पायांवरून ओळखला : ही फुटलेल्या टाचांची, ही चांदीच्या वाळ्यांची, ही सारखा उजवा अंगठा हलवते म्हणजे घाबरली आहे. स्वातंत्र्य आलं त्या रात्री सगळं गाव नाचत होतं, तेव्हाही म्हणे तिची नजर आधी खालीच गेली. माझ्या निबंधाला दहापैकी नऊ मिळाले होते ते मला आठवलं, आणि उगीचच बदामाचं एक पान उचलून मी त्याचे बारीक बारीक तुकडे करत बसले.

सहाव्या लग्नाला पोलीस आले. कोणीतरी चुगली केली होती. इन्स्पेक्टर दारात उभा राहिला आणि म्हणाला, ‘लग्न आहे ना? नवरा दाखवा.’ ढोल थांबले. तेवढ्यात कोणाच्या तरी डोक्यात आलं आणि ढोल शेकणाऱ्या पोराला (चामडं ताठ व्हावं म्हणून ढोल विस्तवावर शेकतात) आत ओढलं, कोणाचा तरी झगा त्याच्या अंगावर चढवला, वजीराच्या बाजूला बसवलं. सतरा वर्षांचा. ‘मौलवी?’ इन्स्पेक्टर म्हणाला. गल्लीच्या टोकाला एक म्हातारे मौलवी राहायचे, डोळ्यांनी जवळजवळ आंधळे. धावत जाऊन त्यांना हाताला धरून आणलं. आणि इतक्या घाईत, इतक्या जणींमध्ये, त्यांना सांगायचं राहूनच गेलं. आधीच्या पाच लग्नांत मौलवी नव्हतेच, त्यामुळे त्यांना सांगावं लागतं हे कोणाच्या लक्षातच आलं नाही. म्हातारे मोठ्या आनंदानं बसले, मुलाला बापाचं नाव विचारलं, आजोबाचं विचारलं, वजीराच्या काकांना विचारलं, कबूल? पोलीस समोर उभे, काका काय म्हणणार? कबूल. मुलगा म्हणाला, कबूल. वजीरानं मान हलवली. म्हाताऱ्यांनी दुवा मागितली, पोलीस निघून गेले, बायका हसत सुटल्या, आणि मग त्यांतली एक हळूहळू हसायची थांबली. म्हणाली, अगं बायांनो, पण हे तर झालं.

निकाह चेष्टेत लागत नाही, आणि लागला तर तो चेष्टा राहत नाही. रात्रभर खलबतं. सकाळी मुलानं तलाक दिला. आलेल्यांपैकी कोणी हसलं नाही. तो मुलगा त्याच आठवड्यात पार्टीच्या कामाला आत, डोंगरांकडे गेला आणि परत दिसला नाही. बारा-तेरा वर्षांनी वजीरा मस्कतला आली, लग्न झालं, सासरच्यांना हे कोणी सांगितलं नाही, जमालच्या अब्बांना तर नाहीच. ते जाऊनही नऊ वर्षं झाली.

‘तो फिल्मवालों को क्यूँ बोला?’

‘उन्होंने पूछा,’ बीबी म्हणाली. ‘इधर किसी ने कभी पूछा ही नहीं.’ कॅमेरा बंद झाल्यावर तिला धडकी भरली. आवाज रेकॉर्ड करणारी एक मुलगी होती, तिचा हात धरून बीबीनं सांगितलं, त्या मुलाचं नाव मी बोलले, तेवढं काढून टाक. तिनं कबूल केलं. तेव्हापासून सत्तावीस वर्षं बीबी अधूनमधून झोपेतून उठते की आज ती फिल्म कोणाच्या तरी घरात लागली आहे. ‘अब ठीक है,’ ती म्हणाली, ‘तूने बोल दिया ना, आवाज़ नहीं है.’ आणि पुन्हा बकरीवर वाकली. त्या मुलाचं नाव तिनं मलाही सांगितलं नाही, पूर्ण दुपारभर, एकदाही.

संध्याकाळी मी कानात इअरफोन घालून ते चौदा सेकंद लावले. खात्री करायला. नाही, खरं सांगते, नुसते बघायला. आवाज पूर्ण वर नेला तेव्हा कळलं की दूधवाल्याच्या खाली बीबी आहे. अगदी खोल, पाण्याखाली कोणी बोलावं तशी. त्या मुलीनं शब्द पाळला होता. तिनं बीबी काढून टाकली नव्हती, झाकली होती. आणि मग अकराव्या सेकंदाला निवेदकाचं एक वाक्य संपतं आणि तो श्वास घेतो. अर्धा सेकंद. त्या श्वासाएवढ्या जागेत कोणीच बोलत नाही, आणि खालून, एकदम स्वच्छ, नुकतं धुतल्यासारखं, एक नाव वर येतं.

मुआज.

पुन्हा लावलं. मुआज. मला बीबीच्या भाषेतला एक शब्द येत नाही, पण ते नाव आहे हे मला कळलं, आणि कुणाचं तेही. वसईला समुद्रात बुडी मारून वर आल्यावर पहिला आवाज जसा कानावर आपटतो, तसं ते आपटत होतं. मी इअरफोन काढून ठेवले. मग परत घातले.

बुधवार आणि गुरुवार मी कसे काढले ते मला नीटसं आठवत नाही. मी वर्गात बसलेली असायचे आणि फळ्यावरच्या दोन अक्षरांमधली मोकळी जागा बघत राहायचे. लोक बोलताना कुठे श्वास घेतात ते ऐकायचे. मॅडम घेतात, पप्पा प्रार्थना म्हणताना घेतात, प्रत्येकाच्या बोलण्याला अशी खिडक्यांसारखी भोकं असतात आणि कोणी त्यांतून बघत नाही. खाली जाऊन बीबीला सांगावं? पण ‘बिलकुल नहीं’ असं मीच म्हटलं होतं, आणि ते ऐकून तिनं कसा श्वास सोडला ते मी बघितलं होतं. जमाल अंकलना सांगावं की लिंक चालत नाही? त्यांच्या स्वतःच्या फोनवर होती. अश्लेषा म्हणाली, ‘तुला बरं नाहीये का? आज बसमध्ये तू फक्त दोनदा बोललीस.’ मला तिला सगळं सांगायचं होतं. जिभेच्या टोकावर होतं. मी म्हटलं, घसा दुखतोय. आणि म्हणता म्हणता खरंच दुखायला लागला. गुरुवारी संध्याकाळी अंघोळ करताना एकदम सुचलं : अर्ध्या सेकंदाचा तर प्रश्न आहे. अर्धा सेकंद मी ओरडू शकते.

शुक्रवारी रुवीच्या चर्चमधून आलो ते तसेच खाली. नारळाच्या रसातला भात, मासे, आणि गालिच्यावर पसरलेले आम्ही सगळे : जमाल अंकल, त्यांची बायको, बीबी भिंतीला टेकून, मम्मी चर्चच्या साडीत अवघडून, पप्पा पोट सैल सोडून. पाहुणे आम्ही, म्हणून सगळे हिंदीत बोलत होते. टीव्हीच्या अगदी वर जमाल अंकलच्या अब्बांचा फोटो, पांढरा पायघोळ डिशडाशा, कमरेला खंजीर, डोळे थेट गालिच्यावर. एकेचाळिसावं मिनिट. बंदर, गर्दी, बीबी. आठ, नऊ, दहा,

‘बीबी!!’ मी ओरडले आणि टाळ्या वाजवल्या. सगळ्यांनी वाजवल्या. ‘फिर से, फिर से!’ जमाल अंकल. पुन्हा लावलं. ‘देखो देखो देखो!’ मी. मम्मीनं चिमटा काढला. तिसऱ्यांदा मला इतका मोठा खोकला आला की पप्पांनी पाण्याचा ग्लास पुढे केला आणि मराठीत पुटपुटले, ‘हिला काय चावलंय आज?’ जमाल अंकल हसत म्हणाले, ‘फ्लाविया बेटी, थोड़ा सायलेंट मोड, प्लीज़.’

बीबी टीव्हीकडे बघत नव्हती. माझ्याकडे बघत होती. बरोबर एकाच जागी, तीनदा. तिच्या चेहऱ्यावर ते हळूहळू उमटत गेलं.

‘उधर है?’ तिनं विचारलं. दोनच शब्द. बाकीच्यांना वाटलं असेल, भाताबद्दल विचारतेय.

मी मान हलवली.

आता ही उठून आत जाईल, मला वाटलं.  बीबीनं भिंतीची टेक सोडली, ताठ बसली. ‘फिर लगा, जमाल,’ ती म्हणाली. ‘और इस लड़की का मुँह कोई पकड़ो.’ सगळे खो खो हसले, आणि मम्मीनं तर किती दिवसांची हौस भागवून घ्यावी तसा तळहात माझ्या तोंडावर दाबला. साबणाचा वास. आठ, नऊ, दहा. दूधवाल्यानं श्वास घेतला. नाव खोलीत आलं, मोठ्या टीव्हीच्या मोठ्या आवाजात, सगळ्यांच्या मधोमध आलं, आणि गेलं.

कोणालाच ऐकू आलं नाही.

‘मामा,’ (ते आईला मामा म्हणतात) ‘बाल देखो तुम्हारे!’ जमाल अंकल म्हणाले. ‘कितने काले थे!’ त्यांची बायको म्हणाली, ते कापड अजून पेटीत आहे. पप्पांनी आणखी एक मासा घेतला. सुटलो, माझं मन म्हणालं. बीबी, सुटलो आपण! पण मम्मीच्या बोटांवरून मला बीबीचा चेहरा दिसत होता आणि तो सुटलेल्या माणसाचा नव्हता. आपल्याच घराचं दार आतून कोणी उघडू नये, तसा होता.

‘सुना?’ तिनं मुलाला विचारलं.

‘क्या?’

‘मैंने क्या बोला.’

‘मामा, तुम कहाँ बोल रही हो? वो अंग्रेज़ बोल रहा है.’

‘टीवी बंद कर,’ बीबी म्हणाली.

आणि मग ती तिच्या भाषेत बोलायला लागली. मम्मी लगेच उठली, घरचं काहीतरी आहे हे तिला बरोबर कळतं. पण बीबीनं माझ्या गुडघ्यावर हात ठेवला आणि तो काढला नाही, म्हणून मम्मी परत बसली. मला एक शब्द कळत नव्हता आणि सगळं कळत होतं. हा ढोल. ही पाच लग्नं. हा दारात उभा इन्स्पेक्टर, हे आंधळे म्हातारे, हात पुढे करून जागा चाचपणारे. जमाल अंकल आधी हसत होते. मग नाव आलं. त्यांनी वर फोटोकडे बघितलं, मग आईकडे, मग कितीतरी वेळ स्वतःच्या हातांकडे. त्यांच्या बायकोनं न बोलता ताटं सारायला सुरुवात केली आणि मध्येच थांबली. एसीच्या आवाजात बीबीचा आवाज सावकाश, न घाबरता चालला होता, आणि त्याच्यावर कोणीच काही घातलं नव्हतं. माझ्या गुडघ्यावरचा तिचा हात मात्र बर्फासारखा गार होता.

ती थांबली.  मला वाटलं आता जमाल अंकल उठून जातील, किंवा ओरडतील. माझ्यामुळे, हे सगळं माझ्यामुळे. ते घसा साफ करून हिंदीत म्हणाले, आमच्याकडे न बघता, पण बहुधा आमच्यापासून काही लपवायला नको म्हणूनच हिंदीत :

‘ज़िंदा होगा?’

‘क्या मालूम. मुझसे तीन साल बड़ा था.’

‘तो चौरासी,’ जमाल अंकल म्हणाले. ‘चौरासी कुछ नहीं होता. पांगानी में अपने लोग हैं अभी भी, पूछेंगे.’ त्यांनी खिशातून पेन काढलं, कागद सापडेना, म्हणून पप्पांच्या हातातलं चर्चचं पत्रक घेतलं आणि उलटं केलं. ‘यल्ला, चलो, मामा. पूरा नाम बोलो.’

बीबीनं डोळे मिटले. आणि तिनं ते पूर्ण नाव उच्चारलं. त्याचं, त्याच्या बापाचं, आजोबाचं, घराण्याचं, जसं त्या म्हाताऱ्या मौलवींनी एकदाच, मोठ्यानं, लाल कापडाबाहेर उच्चारलं होतं तसं, क्रमानं, कुठेही न अडखळता, सदुसष्ट वर्षांनी. जमाल अंकल लिहीत गेले. मम्मीचा हात माझ्या तोंडावरून केव्हाच खाली आला होता.

ते पूर्ण नाव मला पाठ आहे. इथं लिहिणार नाही.